निर्णयासाठीं न्यायालय

सरकारी कचेरीशीं ज्यांचा संबंध आला आहे, त्या आमच्या वाचकांस ‘विचाराधीन’ या शब्दाचा अर्थ कोशांत पाहण्याची गरज नाहीं. संग्रामपूर तालुक्यांतील वरवट बकालच्या एखाद्या व्यापाऱ्याचा अर्ज असा विचाराधीन राहिला, तर त्यानें अकोला व अमरावती मागें टाकून नागपूरचें खंडपीठ गांठावें. आणि संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालीं मागावें तें काय? ‘होय’ किंवा ‘नाहीं’ एवढें उत्तर! न्यायालय बहुधा अमुक आठवड्यांत निर्णय द्या, असें फर्मावितें. निर्णय कोणता, हें पुनः अधिकाऱ्याच्याच हातीं. वकिलाची फी भरून अर्जदार पहिल्याच पायरीवर येतो.

कायदा नाहीं असें नव्हे. कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे कामाच्या ७ दिवसांहून अधिक राहूं नये, दुसऱ्या विभागाकडे न जाणाऱ्या प्रकरणाचा निकाल ४५ दिवसांत लागावा, असें महाराष्ट्राचा २००५ चा विलंब-प्रतिबंधक कायदा सांगतो. २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्यानें अधिसूचित सेवांस मुदत, अपिलाची सोय आणि कसूर करणाऱ्यास ५०० ते ५,००० रुपये दंड ठरविला आहे.

म्हणून आमचें सांगणें इतकेंच: अर्जाची तारखेसह पोंच घ्यावी व मुदत टळतांच अपील करावें. शिळ्या झालेल्या दाव्यास नव्या निवेदनानें जीव येत नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें सी. जेकब प्रकरणीं २००८ सालीं बजावलेंच आहे. विलंबाचें प्रायश्चित्त अर्जदारास चुकत नाहीं. मग तें अधिकाऱ्यासच कां चुकावें?