सरवा वेचणारी बाई

कापणी उरकली की शेतात राहिलेली कणसं वेचायला बाया येत. आपल्याकडे त्याला सरवा वेचणं म्हणतात. फ्रान्समध्येही ही रीत जुनी. फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दा यांच्या २००० सालच्या माहितीपटाचं नावच त्यावरून आलं आहे, आणि त्या नावात एक गोम आहे. आधी येतं अनेकवचन, ‘वेचणारे’. मग स्त्रीलिंगी एकवचन, ‘आणि वेचणारी’. ही वेचणारी म्हणजे खुद्द वार्दा.

आरास शहरातल्या संग्रहालयात झ्यूल ब्रतों यांचं एक चित्र आहे. गव्हाची पेंढी खांद्यावर घेतलेली बाई. वार्दा त्या चित्राशेजारी तशाच उभ्या राहतात, मग पेंढी टाकतात आणि हातात छोटा डिजिटल कॅमेरा घेतात. इतरांनी टाकलेलं उचलायचं, हेच आपलंही काम, असं त्या सांगून जातात.

पडद्यामागचं पडद्यावर आणणं आपल्याला परकं नाही. चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणाऱ्या १९१७ सालच्या लघुपटात दादासाहेब फाळके स्वतः कॅमेऱ्यासमोर आले होते. पण फाळक्यांनी कसब दाखवलं. वार्दा पाहणाऱ्याचीच झडती घेतात. त्या मुळात छायाचित्रकार. १९८२ च्या ‘युलिस’ या लघुपटात त्यांनी १९५४ साली काढलेला आपलाच फोटो पुन्हा हातात घेतला: समुद्रकिनारा, मेलेली शेळी, एक नग्न पुरुष, एक लहान मुलगा. त्या मुलाला मोठेपणी त्यातलं काहीच आठवत नाही. फोटो म्हणजे पुरावा, ही समजूत तिथेच डळमळते. त्याआधी, १९७५ च्या ‘दागेरोतीप’ या माहितीपटाच्या वेळी घरात लहान मूल होतं. म्हणून घरच्या मीटरपासून विजेची केबल पोचेल तेवढ्याच अंतरातले दुकानदार त्यांनी टिपले. आईपणाची अडचण त्यांनी लपवली नाही, तिलाच चित्रपटाची चौकट केलं.

२००० च्या चित्रपटात त्यांच्या एका हातात कॅमेरा आहे आणि समोर त्यांचाच दुसरा हात, सुरकुतलेला, डागाळलेला. बाजारात न चालणारे, बदामाच्या आकाराचे बटाटे त्या घरी आणतात आणि ते सुकताना, त्यांना कोंब फुटताना पाहत राहतात. कॅमेरा बंद करायचा राहिला, तेव्हा भिंगाचं लोंबतं झाकण चित्रित झालं. तेही त्यांनी संगीत घालून ठेवलं.

हे आत्मकौतुक आहे का? मला तसं मुळीच वाटत नाही. बाजार उठल्यावर टाकलेली भाजी खाणारा एक शिकलेला माणूस या चित्रपटात आहे. रात्री तो स्थलांतरितांना साक्षर करायचे वर्ग घेतो. २००२ मध्ये वार्दा पुन्हा त्याच्याकडे गेल्या. चित्रपट चांगला आहे, पण तुम्ही स्वतःला दाखवलंत ते अनावश्यक होतं, असं त्याने तोंडावर सांगितलं. वार्दांनी ते कापलं नाही. दुसऱ्याच्या आयुष्यात कॅमेरा घेऊन शिरणाऱ्याने एवढं ऐकून घ्यायलाच हवं.

वार्दा २९ मार्च २०१९ रोजी गेल्या. त्यांचा सरव्यावरचा चित्रपट आणि ‘दोन वर्षांनंतर’ हा त्याचा पुढचा भाग एकाच बैठकीत पाहा. दोन्ही मिळून अडीच तासही होत नाहीत.