उपनगरातली आवण

जुलैचा दुसरा आठवडा म्हणजे आवणीचे दिवस. या दिवसांत आमच्या खात्यातला माणूस सहसा सुट्टी मागत नाही, आणि मागितली तरी कोणी देत नाही. तरीही यंदा एका रविवारी मुलुंडला बहिणीकडे मुक्काम पडला. सकाळी सहालाच भाचीने उठवले. "मामा, चला, तुम्हाला भाताची शेती दाखवते." मला हसू आले. ठाणे जिल्ह्यातल्या एका डोंगरी तालुक्यात दहा वर्षे कृषी विस्तार अधिकारी म्हणून चिखल तुडवला, आणि कॉलेजात शिकणारी ही मुलुंडची पोर मला भातशेती दाखवणार! कुठे, म्हणून विचारले तर म्हणाली, "आरेला. पैसे भरलेत मी दोघांचे. गाईड आहे, जेवण पण आहे."

पैसे भरलेत म्हटल्यावर उठलो.

पवईमार्गे बस बदलत आरेत उतरलो. आमच्यासारखी तेरा-चौदा माणसे जमली होती. बोरिवलीची कॉलेजची मुले, घाटकोपरचे एक निवृत्त जोडपे, अंधेरीच्या बँकेतले दोघे. वाटाड्या पाड्यातलाच वारली तरुण, बी.कॉम. झालेला, पायात गमबूट. त्याने पहिल्या पाच मिनिटांत तीन गोष्टी सांगितल्या. एकामागे एक चालायचे. गवतात हात घालायचा नाही. आणि नव्याने लिंपलेल्या बांधावर पाय द्यायचा नाही. पहिल्या दोन बिबट्या-सापासाठी, तिसरी शेतासाठी. तिसरी ऐकून मी कान टवकारले. सहलीच्या लोकांना बांध सांभाळायला सांगणारा माणूस मी प्रथमच पाहत होतो.

वाचकांना आरे म्हटले की दूध आठवते. मुंबई शहरातले म्हशींचे तबेले बाहेर काढण्यासाठी १९४९ मध्ये ही वसाहत उभी राहू लागली आणि १९५१ मध्ये पंडित नेहरूंच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. क्षेत्र तीन हजार एकरांच्या वर. म्हशींसाठी 'युनिटे' बांधली, पॅरा गवताची कुरणे केली. पण ही जमीन तेव्हा रिकामी नव्हती. वारली, मल्हार कोळी, कोकणा मंडळी तिच्यावर आधीपासून राहत होती. खांबाचा पाडा, केलटीपाडा, दामूपाडा, चाफ्याचा पाडा, मरोशीपाडा अशी नावे आजही आहेत. सगळे मिळून सत्तावीस पाडे सांगतात. आम्ही गेलो त्या पाड्याचे नाव मात्र मुद्दाम देत नाही. दर रविवारी शंभर माणसे मोबाईल घेऊन तिथे उतरली तर आवण कोण करणार?

डांबरी रस्ता सोडून दहा मिनिटे चाललो असू, आणि वाट चढू लागली. डाव्या हाताला ऐन, साग, ताड. उजव्या हाताला एकदम मोकळे झाले आणि मी थांबलोच. उतारावर एकाखाली एक अशी अकरा खाचरे. सर्वांत वरचे जेमतेम आपल्या घरातल्या खोलीएवढे, खालचे ओढ्यालगतचे दोन-अडीच गुंठ्यांचे. वरच्याचे पाणी बांधाच्या कोपऱ्यातल्या सांडीतून खालच्यात, त्याचे त्याच्या खालच्यात. दोन बायका आणि एक पोरगा वाकून आवणी करत होते. चिखलणी झालेल्या मातीचा तो वास कुठेही ओळखावा. पलीकडे झाडांवरून उंच इमारतींची रांग दिसत होती. कोणी सांगितल्याशिवाय माणूस म्हणेल, मुरबाडच्या वरच्या अंगाला आलोय.

कॉलेजच्या मुलांनी फोटो काढायला सुरुवात केली. माझे डोळे रोपांवर. वरच्या तीन खाचरांतले रोप वेगळे, खालचे वेगळे. मी विचारले, "आजी, वर हळवा आणि खाली गरवा का?" आजींनी मान वर केली. बाकीच्यांनी तोवर त्यांना "थकत नाही का?" असेच प्रश्न विचारले असावेत. म्हणाल्या, "मग? वरचं पाणी आधी जातं. गरवा तिथं टिकेल का?"

बरोबर आहे. हेच आम्ही प्रशिक्षणात फळ्यावर काढून दाखवतो. माथ्याच्या उथळ जमिनीत ऑक्टोबरमध्ये ओल राहत नाही, म्हणून तिथे शंभर-सव्वाशे दिवसांत निघणारे हळवे भात. तळाच्या खोल जमिनीत पाणी मुरते आणि टिकते, तिथे गरवे. आजींनी हे कोणत्याही फळ्यावर पाहिलेले नाही. बी घरचेच. जातीचे जे नाव त्यांनी सांगितले ते माझ्या कुठल्याही यादीत नव्हते. तांबडट दाणा, भाकरीला चांगला, एवढे कळले.

मग मी सवयीने साहेब झालो. रोपे दाट लावताय, म्हटले. एका चुडात सात-आठ काड्या होत्या. चारसूत्री पद्धत सांगितली. एका चुडात दोन-तीनच रोपे, दोरीवर पंधरा आणि पंचवीस सेंटिमीटरचे आळीपाळीने अंतर, दर चार चुडांच्या मधोमध युरिया-डीएपीची एक गोळी सात ते दहा सेंटिमीटर खोल खोचायची. राबासाठी फांद्या तोडून जाळण्याऐवजी रोपवाटिकेत भाताच्या तुसाची राख, आणि चिखलणीआधी गिरिपुष्पाचा पाला. हे सांगताना मला नेहमीच हुरूप येतो, कारण या पद्धतीला फारसे काही विकत आणावे लागत नाही. भाची मागून कुजबुजली, "मामा, सुट्टी आहे आज."

आजींनी सगळे ऐकून घेतले. म्हणाल्या, "राब आता जाळतच नाही. फांदी तोडली की माणूस येतो विचारायला. पालापाचोळा न् शेण, बस." मग थोडे थांबून, "ती गोळी कुठं मिळते? आम्हाला मिळेल का?"

मिळते. अनुदानावरही मिळू शकते, बियाणेही मिळते. अर्ज करायचा. अर्जाला सातबारा लागतो. हे वाक्य मी वर्षाला हजार वेळा बोलतो, तसेच तोंडातून निघून गेले. आजी काही बोलल्या नाहीत, पुन्हा वाकल्या. वाटाड्याच म्हणाला, "साहेब, सातबारा असता तर आम्ही तुम्हाला फिरवलं असतं का?"

वाचकहो, यात एक गंमत आहे, तिला गंमतच म्हणायचे असेल तर. मुंबई उपनगर जिल्हा १९९० मध्ये वेगळा झाला. कुर्ला, अंधेरी, बोरिवली असे तीन तालुके. पण सगळा भाग महापालिकेचा, म्हणून जिल्हा परिषद नाही, पंचायत समिती नाही, ग्रामपंचायत नाही. म्हणजे माझ्या हुद्द्याचा माणूसच या जिल्ह्यात नाही! ग्रामसेवक नाही, ग्रामसभा नाही. जमीन दुग्धविकास खात्याची. कसणाऱ्याचे नाव कुठे लागलेलेच नाही, तर पीकविमा कुठून, नुकसानभरपाई कुठून? आता तर योजनांसाठी शेतकरी ओळख क्रमांक लागतो, तोही जमिनीच्या नोंदीलाच जोडलेला. २००६ चा वनहक्क कायदा आहे. १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून वनजमीन कसणाऱ्या आदिवासीला चार हेक्टरपर्यंतचा हक्क त्यात सांगितला आहे. पण त्याची पहिली पायरी ग्रामसभा, आणि जमीन मुळात वन असायला हवी. आरे वन आहे की नाही यावरच वर्षानुवर्षे कोर्टकज्जे झाले. ऑक्टोबर २०१९ मध्ये मेट्रोच्या कारशेडसाठी दोन रात्रींत दोन हजारांवर झाडे पडली, ते सगळ्या देशाने टीव्हीवर पाहिले. पुढच्या वर्षी सरकारने आठशे एकरांचे राखीव वन करायचे जाहीर केले. २०२४ च्या ऑक्टोबरपासून आरेहून भुयारी मेट्रो धावते आहे. त्याच वर्षी जुलैमध्ये गोरेगाव-मुलुंड रस्त्याच्या बोगद्यांचे भूमिपूजन झाले, ते राष्ट्रीय उद्यानाच्या डोंगराखालून जाणार. झाडे मोजली गेली, बिबटे कॅमेऱ्याने मोजले गेले. खाचरे कोणी मोजली असतील तर ती माझ्या पाहण्यात नाहीत.

पुढची वाट टेकडीच्या खांद्यावरून जाते. तिथून विहार तलावाचा एक तुकडा दिसतो. १८६० मध्ये बांधून पूर्ण झालेला हा तलाव. तो भरून वाहिला की ते पाणी मिठी नदीला जाते. घाटकोपरच्या काकांनी २६ जुलै २००५ ची आठवण काढली. त्या दिवशी सांताक्रूझच्या वेधशाळेत ९४४ मिलिमीटर पाऊस मोजला गेला. काका त्या रात्री कंबरभर पाण्यातून घरी आले होते. मी त्यांना खाली दिसणारी खाचरे दाखवली. एका गुंठ्याच्या खाचरात वीतभर पाणी तुंबवले म्हणजे वीस हजार लिटरच्या आसपास झाले. त्या दिवसासारख्या पावसापुढे हे काहीच नाही, हे कबूल. पण रोजच्या पावसात एवढे पाणी दम खाऊन खाली उतरते, माती घेऊन धावत सुटत नाही. काकांनी खिशातून वही काढून आकडा लिहून घेतला.

बांधाला जागोजाग भोके होती, खेकड्यांची. बांध पोखरून खेकडे रात्रीत खाचर रिकामे करतात. कोकणातल्या भातशेतीचे हे जुने दुखणे. आमच्या वाटाड्याने बिळात हात घालून दोन बाहेर काढले आणि चिखलाने बीळ बुजवले. "हे जेवणात," म्हणाला. बँकवाल्यांपैकी एकाचा चेहरा पाहण्यासारखा झाला.

जेवण झकास. तांदळाची भाकरी, टाकळ्याची भाजी, कंटोळी, आणि ज्यांना हवे त्यांना खेकड्याचे कालवण. हीच भाजी गोरेगाव, बोरिवली, अंधेरी स्टेशनाबाहेर आदिवासी बायका वाट्याने विकतात आणि आपण पाच रुपयांसाठी घासाघीस करतो. ओटीवरच्या भिंतीवर पांढरा चौक काढला होता. मुलींनी विचारले, रंग कोणता? तांदळाचे पीठ आणि पाणी, दुसरे काय. लग्नाचा चौकही तांदळाचा, पोटही तांदळावर. "भात किती दिवस पुरतो?" मी विचारले. "दिवाळीपासून होळीपर्यंत. पुढे रेशनचा." मग इतका खटाटोप कशाला, असे बोरिवलीच्या एका मुलाने विचारलेच. आजींची सून चुलीपाशी होती, तिथूनच म्हणाली, "पडीक ठेवली तर उद्या म्हणतील, इथं कोण होतं?"

या उत्तरावर कोणी काही बोलले नाही. मीही नाही.

पैशांचेही सांगतो, कारण आमच्या तालुक्यातल्या तरुणांनी याचा विचार करावा असे मला वाटते. माणशी तीनशे रुपये वाटेचे, दीडशे जेवणाचे. जेवणाचे पैसे रांधणाऱ्या बायकांच्या हातात तिथल्या तिथे. आवणीच्या महिन्यात दोनच रविवार माणसे आणायची, तीही पंधराच्या आत, असे पाड्याने ठरवले आहे. अकोले तालुक्यातल्या पुरुषवाडीने काजव्यांच्या दिवसांत शहरी पाहुणे ठेवून हा उद्योग केव्हाच सुरू केला. शहापूर-मुरबाडला डोंगर कमी आहेत का? फक्त एक पथ्य पाळावे, शेताचे काम आधी, पाहुणा नंतर. पाहुण्यांसाठी आवणीचे नाटक सुरू झाले की ते शेत राहणार नाही.

निघताना मी खिशातली सुतळी काढली. आमच्या पिशवीत ती असतेच. पंधरा आणि पंचवीसवर गाठी मारून वाटाड्याला दिली आणि म्हटले, एका खाचरात करून बघ. गोळ्या मी पुढच्या आठवड्यात स्वतःच्या पैशाने घेऊन पाठवल्या. तीन दिवसांनी मोबाईलवर फोटो आला. चौथ्या खाचरात सरळ ओळी, बाकी सगळीकडे आजींची पद्धत. खाली लिहिले होते, "आजी बोलली एकच. बाकी पोटाचं आहे."

वाघबारशीला पुन्हा गेलो. दिवाळीच्या तोंडावरचा हा सण. बिबट्यांच्या शेजारात राहणारी माणसे त्या दिवशी वाघोबाला पुजतात, शेंदूर लावतात, गुराढोरांना आणि माणसांना सांभाळ म्हणून सांगतात. चौथे खाचर कापून झोडले होते. रानडुकराने एक कोपरा तुडवला होता तो सोडून. पीक कापणी प्रयोग घेणे हा माझ्या कामाचाच भाग, म्हणून सोबत नेलेल्या काट्यावर दोन्ही ढीग तोलले. शेजारच्या तेवढ्याच खाचरापेक्षा भात सहा किलो जास्त भरले. आजींनी स्वतः काट्यात वाकून पाहिले. म्हणाल्या, "पुढच्या साली तीन खाचरं. गोळ्या आण."

घरी येऊन सवयीप्रमाणे छापील नमुना भरायला बसलो. जिल्हा लिहिला, तालुका लिहिला, पिकाचे नाव, वजन. गट नंबर आणि खातेदाराचे नाव हे दोन रकाने कोरे राहिले. असा कागद कुठल्याही टेबलावर घेतला जात नाही. तो माझ्या डायरीत ठेवला आहे.