ईदच्या गोश्तासोबत दुधीचे हलके भरीत

बकरी ईदला दोन-तीन दिवस आपल्या घरांत कलेजी, कोर्मा, बिर्याणी चालूच असते. त्याच दस्तरखानावर शुगर-बीपीवाले अब्बा-अम्मीही बसतात. त्यांना गोश्तासोबत आणखी तेलकट बटाटा वाढण्याऐवजी आपण दुधीचे भरीत करू या. दुधीत 90 टक्क्यांहून अधिक पाणी असते, पोटाला जड होत नाही. एका शिंप्याच्या दावतीत प्रेषित मुहम्मद (स.) गोश्ताच्या रश्शातून दुधीचे तुकडे शोधून खात होते, असे हजरत अनस (रजि.) यांच्या हदीसमध्ये आहे.

अर्धा किलो कोवळा दुधी घ्या. आधी कच्चा तुकडा चाखा. कडू लागला तर थुंका आणि अख्खा दुधी फेकून द्या, त्याने विषबाधा होते. सोलून, फोडी करून वाफवा. चाळणीत नीट निथळू द्या, नाहीतर भरीत पातळ होते. घोटून गार झाले की अर्धी वाटी दही, कोथिंबीर घाला. वर एक चमचा तेलात जिरे, लसूण, हिरवी मिरचीची फोडणी. मीठ बेताचेच, तेही वाढताना. आधी घातले तर पाणी सुटते.

हे काही औषध नाही, गोळ्या चुकवू नका. पण अब्बांना ‘हे खाऊ नका’ म्हणण्यापेक्षा ‘हे घ्या’ म्हणता येते, हे काय कमी आहे?