पहिलं बोट कोणाकडे?
(अपिलाच्या दारात : लेखांक 6)

21 जुलै 2025 रोजी मुंबई उच्च न्यायालयात एक निकाल वाचला जात होता आणि तो अमरावतीच्या मध्यवर्ती कारागृहातही पडद्यावर ऐकला जात होता. नागपूर, नाशिक आणि येरवड्याच्या तुरुंगांतूनही बंदी जोडलेले होते. खटला 11 जुलै 2006 च्या लोकल बॉम्बस्फोटांचा. 180 हून अधिक माणसं त्यात गेली. विशेष न्यायालयाने 2015 साली पाच जणांना फाशी आणि सात जणांना जन्मठेप सुनावली होती. न्या. अनिल किलोर आणि न्या. श्याम चांडक यांनी बाराही जणांची शिक्षा रद्द केली. त्यांतला एक 2021 सालीच तुरुंगात वारला होता. तीन दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरण्यास स्थगिती दिली. सुटलेल्यांना मात्र परत आत पाठवलं नाही.

निकालाचा मोठा भाग साक्षीदारांच्या डोळ्यांवर आहे. आरोपींना चर्चगेटला सोडल्याचं सांगणारे टॅक्सीचालक घटनेनंतर शंभरहून अधिक दिवस गप्प होते. रोज कितीतरी गिऱ्हाइकं बसवणाऱ्या माणसाला त्यांतला एकच चेहरा इतके दिवस का आठवावा, याचं पटेल असं कारण कोर्टाला कागदांत सापडलं नाही. ज्याने ओळख परेड घेतली त्या अधिकाऱ्याला तो अधिकारच नव्हता. मग उरली ती कोर्टातली ओळख, आणि तीही चार वर्षं उलटून गेल्यावरची.

ओळख परेड कागदावर साधी दिसते. तुरुंगाच्या आवारात संशयिताला त्याच्यासारख्याच दिसणाऱ्या किमान सहा जणांत उभं करायचं. रांगेत कुठे उभं राहायचं ते तो ठरवतो, हवं तर कपडे बदलतो. दंडाधिकारी आणि पंच हजर असतात, तपास करणारे पोलीस बाहेर थांबतात. या सगळ्या खटाटोपाचा हेतू एकच: साक्षीदाराने त्याआधी तो चेहरा पोलीस ठाण्यात, वर्तमानपत्रात किंवा फोटोत पाहिलेला नसावा. कारण माणसाने एकदा चेहरा निवडला की पुढे त्याला घटनेतला चेहरा आठवत नाही, निवडलेला आठवतो.

अमेरिकेतल्या उत्तर कॅरोलायनात 1984 साली एका तरुणीने हल्लेखोर म्हणून रोनाल्ड कॉटनचा फोटो निवडला. पुढे परेडमध्ये तोच निवडला. फोटोंत आणि रांगेत, दोन्हीकडे असलेला तो एकटाच होता. कोर्टात तिने खात्रीने बोट दाखवलं, आणि ती मनापासून खरं बोलत होती. 1995 साली डीएनए चाचणीने गुन्हेगार दुसराच असल्याचं सिद्ध झालं.

अकोला किंवा अमरावतीच्या सत्र न्यायालयातली शिक्षा अपिलात नागपूर खंडपीठापुढे जाते, तेव्हा साक्षीदार सहसा पुन्हा पिंजऱ्यात येत नाही. त्याचा चढलेला आवाज, डोळ्यांतलं पाणी, यांतलं काही न्यायमूर्तींसमोर नसतं. असतात ते जबाब, पंचनामे आणि तारखा. ही उणीव वाटते. पण साक्षीदाराने पहिल्यांदा बोट केव्हा आणि कोणाकडे दाखवलं, हे तारखाच सांगतात.

अंकुश मारुती शिंदे यांचं प्रकरण त्याचा पुरावा. 5 जून 2003 च्या रात्री एका शेतवस्तीवर दरोडा पडला, अत्याचार झाले, पाच जणांचा खून झाला. शिंदे यांच्यासह भटक्या जमातीचे सहा जण पकडले गेले. सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी सुनावली, उच्च न्यायालयाने त्यांतल्या तिघांची जन्मठेपेवर आणली आणि सर्वोच्च न्यायालयाने 2009 साली पुन्हा सगळ्यांना फाशीच दिली. सहापैकी एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, हे नंतर ठरलं. दरोड्यातून वाचलेल्या बाईने या आरोपींना कोर्टात ओळखलं होतं. तीन पायऱ्यांवर ती साक्ष टिकली.

पण घटनेनंतर दोनच दिवसांनी, 7 जूनला, तिला पोलिसांनी सराईत गुन्हेगारांचा अल्बम दाखवला होता. त्यातून तिने चार जण ओळखले होते. ते चौघे वेगळेच होते! तो कागद सरकार पक्षाने पुढे केलाच नाही.

न्या. कृष्णा अय्यर यांनी 1973 साली महाराष्ट्रातल्याच एका खुनाच्या अपिलात बजावलं होतं, की प्रत्येक कुरकुरीला वाजवी शंका मानून आरोपी सोडायचे नसतात. ते योग्यच आहे. इथली शंका मात्र वकिलाच्या डोक्यातून निघालेली नव्हती, ती पोलिसांच्याच दप्तरात होती. 5 मार्च 2019 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्याच न्या. सिक्री, न्या. अब्दुल नझीर आणि न्या. एम. आर. शहा यांनी सहाही जणांना निर्दोष सोडलं, राज्य सरकारला प्रत्येकी 5 लाख रुपये द्यायला लावले आणि दोषी पोलीस अधिकाऱ्यांवर कारवाई करायला सांगितलं. या सहा जणांची सोळा वर्षं गेली. पाच खून सोसलेल्या त्या बाईने पहिल्यांदा ज्यांच्याकडे बोट दाखवलं, त्या चौघांवर खटला कधी भरलाच गेला नाही.

(पुढील आठवड्यात : कबुलीजबाब)