अजिंठ्याचं जहाज, काथ्याची शिवण

अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात भिंतीवर एक जहाज आहे. तीन डोलकाठ्या, उभट शिडं, मागं छपराखाली ओळीनं मांडलेले रांजण. समुद्रापासून इतक्या लांब, डोंगराच्या पोटात, पाचव्या शतकातल्या कुणा चित्रकारानं ते रंगवलं.

इतिहासकार राधाकुमुद मुखर्जी यांनी 1912 साली भारतीय नौकानयनावर ग्रंथ लिहिला, तेव्हा हे चित्र साक्षीला काढलं. हिंदुस्थानच्या लोकांना समुद्राचं वावडं, हा समज त्या काळी पक्का होता. मुखर्जींनी तो खोडायला संस्कृत-पाली ग्रंथ धुंडाळले, बोरोबुदूरची शिल्पं पाहिली, सातवाहनांची जहाजाचा छाप असलेली नाणी मांडली. भोजराजाच्या नावावरच्या ‘युक्तिकल्पतरू’त जहाजांच्या लांबी-रुंदीची मापं आहेत, तीही त्यांनी दिली. ‘युक्तिकल्पतरू’तच एक इशारा आहे: फळ्या लोखंडानं जोडू नका, समुद्रातले चुंबकी खडक जहाज ओढून घेतील. चुंबकी खडकांची गोष्ट कल्पनेतली. लोखंडाविना जहाज बांधायची रीत मात्र खरी होती.

ही जहाजं शिवत. फळ्यांच्या कडांना भोकं पाडायची, सांध्यावर काथ्याची जाड वळी ठेवायची आणि सुंभानं टाके घालत जायचं. टाका घालायला एक माणूस आत, एक बाहेर. सुंभ ओवला की ताणून घट्ट धरायचा, उरलेली भोकं बुजवायची, वरून राळ आणि तेलाचा लेप द्यायचा. काथ्या खाऱ्या पाण्यात लवकर कुजत नाही. शिवलेलं अंग थोडं लवतं, म्हणून लाटेनं वाळूवर आपटलं तरी खिळे ठोकलेल्या जहाजासारखं ताठपणानं तडकत नाही.

मुखर्जींचं श्रेय मोठं, पण इतिहासाच्या कागदात न मावणारी गोष्ट हीच. टाका किती ताणायचा, हे कुठल्या पोथीत नाही. ते केरळच्या कारागिरांच्या बोटांत राहिलं. अजिंठ्याच्या चित्रातही जहाज फक्त एका बाजूनं दिसतं. पाण्याखालचा आकार कसा, फळ्या कशा वळवल्या, याचा त्यात पत्ता नाही.

2023 मध्ये संस्कृती मंत्रालय, नौदल आणि गोव्यातली होडी इनोव्हेशन्स ही कंपनी यांनी या चित्रावरून खरं जहाज बांधायचं ठरवलं, तेव्हा हीच अडचण पुढं आली. नौदलाच्या अभियंत्यांनी आकार नव्यानं बेतला, आयआयटी मद्रासमध्ये प्रतिकृती पाण्यात तपासली. टाके मात्र संगणक घालू शकत नव्हता. केरळचे जहाजबांधणीतले मुख्य कारागीर बाबू शंकरन यांच्या देखरेखीखाली कारागिरांनी हजारो टाके हातानं घातले. गोव्यात, म्हणजे जिथं जुन्या काळी पोर्तुगिजांची खिळ्यांची गलबतं लागत, तिथं हे घडलं!

21 मे 2025 रोजी कारवारला हे जहाज ‘कौंडिण्य’ नावानं नौदलात दाखल झालं. पुढच्या टोकाला सिंहयाळी या पौराणिक प्राण्याची मूर्ती, नांगर हडप्पाच्या धर्तीचा दगडी, शिडं चौकोनी. इंजिन नाही. 29 डिसेंबरला पोरबंदरहून वाऱ्यावर शिडं भरून ते मस्कतच्या दिशेनं निघालं.