खुंटी आणि स्क्रू

वाराणसीच्या ललिता घाटाच्या पायऱ्या चढून गेले की, दगडी शिखरांच्या गर्दीत एक निराळेच देवालय दृष्टीस पडते. पॅगोडाच्या धाटणीचे हे शिवमंदिर नेपाळचा राजा रणबहादुर शाह याने आरंभिले. गादी सोडून तो १८०० ते १८०४ पर्यंत काशीत राहिला होता; १८०६ मध्ये त्याची हत्या झाली आणि मंदिर पुढे त्याच्या पुत्राने पुरे केले. कोरीव लाकूडकामामुळे लोक त्याला ‘काठवाला मंदिर’ म्हणतात. नेपाळच्या नेवार सुतारांची परंपरा लाकडाला लाकडानेच बांधण्याची: कूस भोकात बसवावयाची आणि आरपार खुंटी ठोकावयाची.

ही केवळ रूढी नव्हे. काशीला ज्येष्ठात लू वाहते आणि आषाढात हवा ओलीचिंब होते. लाकूड लांबीत जवळजवळ बदलत नाही, आडव्या अंगाने मात्र फुगते व आटते. खुंटी त्याच्या कलाने घेते. लोखंड घेत नाही, वर गंजते. शिवाय खुंटी ठोकून काढता येते, सांधा सोडवून किडका भाग तेवढा बदलता येतो. जुन्या कोरीव कामाच्या दुरुस्तीत हा गुण लाखमोलाचा आहे.

म्हणून स्क्रू त्याज्य ठरवणे हा मात्र सोवळेपणाचा अतिरेक होय. स्क्रूची पकड त्याच्या आट्यांत असते. फळीच्या अंगातून तो शिरला, तर आटे तंतूंना आडवे छेदून रुततात. टोकाकडून शिरला, तर तो तंतूंना समांतर जातो. आट्यांमध्ये आखूड तुकडेच उरतात आणि जोर येताच ते भुशासारखे निघून येतात. यावर युक्ती अशी: टोकापासून थोडे आत आडवे भोक पाडून त्यात सरस लावलेली खुंटी बसवावी. मग गिरमिटाने बारीक भोक पाडून टोकातून स्क्रू असा न्यावा की, तो खुंटीच्या मधोमध जाईल. आता आटे खुंटीच्या तंतूंना आडवे धरतात.

बिजागरीचे ढिले भोक बुजवताना पुष्कळांचा हात नेमका येथेच चुकतो. भोकात खुंटी ठोकून तिच्या टोकात स्क्रू पिळला, की तो पुन्हा तंतूंना समांतरच जातो. त्यापेक्षा फळीच्या अंगातून आडवा कापलेला बुचासारखा तुकडा, त्याचे तंतू चौकटीच्या तंतूंशी जुळवून, सरसाने बसवावा. स्क्रू पितळी असल्यास उत्तम. मात्र पितळ मऊ असल्याने आधी लोखंडी स्क्रूने वाट करून घ्यावी आणि आट्यांना थोडे मेण लावावे.