गव्हर्नरची खुर्ची, पक्षाची तिजोरी आणि गरिबाचे औषध

अमेरिकेतील निवडणुकीची बातमी आली की आपल्याकडे चर्चा होते ती राष्ट्राध्यक्षाची. व्हाइट हाऊसमध्ये कोण बसणार, एवढ्यावरच सर्वांचे लक्ष असते. परंतु तिकडच्या कष्टकऱ्याला दवाखाना परवडणार की नाही, त्याच्या मुलांच्या शाळेला पैसा मिळणार की नाही, शिक्षा भोगून आलेल्या माणसाला पुन्हा मत देता येणार की नाही, यातील पुष्कळशा गोष्टी व्हाइट हाऊसमध्ये ठरत नाहीत. त्या ठरतात राज्याच्या राजधानीत, गव्हर्नरच्या टेबलावर. म्हणूनच तिथल्या दोन्ही मोठ्या पक्षांनी आपापले गव्हर्नर निवडून आणण्यासाठी वेगळ्या राष्ट्रीय संघटना उभ्या केल्या आहेत. डेमोक्रॅटिक पक्षाच्या संघटनेचे नाव 'डेमोक्रॅटिक गव्हर्नर्स असोसिएशन', थोडक्यात डीजीए. आपल्या घरातील शिकणाऱ्या मुलामुलींना तिची माहिती व्हावी आणि मोठ्यांनीही त्यावर विचार करावा, म्हणून आम्ही हा विषय घेतला आहे.

गव्हर्नर म्हणजे आपला राज्यपाल नव्हे

प्रथम एक घोटाळा दूर केला पाहिजे. आपल्याकडे राज्यपालाची नेमणूक राष्ट्रपती करतात. संविधान सभेत राज्यपाल लोकांनी निवडून द्यावा असाही विचार झाला होता. पण लोकांनी निवडलेला राज्यपाल आणि बहुमताचा मुख्यमंत्री असे दोन प्रमुख झाले तर दोघांत झगडा होईल, असे पुष्कळ सभासदांचे म्हणणे पडले आणि १९४९ मध्ये नेमणुकीचा मार्ग पक्का झाला. अमेरिकेत तसे नाही. तिथे मुख्यमंत्री हे पदच नाही. ५० राज्यांचे ५० गव्हर्नर थेट जनतेच्या मतांनी निवडले जातात आणि राज्याचा कारभार तेच पाहतात. म्हणजे कामाच्या दृष्टीने तो आपला मुख्यमंत्रीच समजावा.

त्याचे अधिकार मोठे आहेत. अंदाजपत्रक तो मांडतो. विधिमंडळाने केलेला कायदा नाकारण्याचा अधिकार त्याला असतो. राज्याचे नॅशनल गार्ड हे सैनिक दल एरवी त्याच्या हुकमात असते. दर दहा वर्षांनी जनगणना झाली की मतदारसंघांच्या सीमा नव्याने आखल्या जातात. बहुतेक राज्यांत त्या नकाशावरही गव्हर्नरची सही लागते. जिमी कार्टर, रोनाल्ड रेगन, बिल क्लिंटन आणि धाकटे बुश हे चारही राष्ट्राध्यक्ष आधी गव्हर्नरच होते.

संघटना कशी चालते?

गव्हर्नरांची सर्वपक्षीय संघटना १९०८ पासून आहे. तिथे सगळे एकत्र बसून राज्यांच्या प्रश्नांवर बोलतात. पण निवडणूक जिंकण्याचे काम सर्वपक्षीय संस्था कशी करणार? रिपब्लिकन पक्षाने १९६१ मध्ये आपल्या गव्हर्नरांची वेगळी संघटना काढली. डेमोक्रॅटिक पक्षाची डीजीए १९८३ ची, म्हणजे २२ वर्षांनी मागाहून आलेली.

डीजीएचे कार्यालय वॉशिंग्टनला आहे. पक्षाचे सर्व गव्हर्नर तिचे सभासद असतात आणि त्यांच्यापैकीच एकजण अध्यक्ष निवडला जातो. २०२४ मध्ये मिनेसोटाचे टिम वॉल्झ अध्यक्ष होते. त्यांना उपराष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळाली तेव्हा कॅन्ससच्या गव्हर्नर लॉरा केली यांनी ती जबाबदारी घेतली. पगारी नोकरवर्ग उमेदवार हेरतो, लोकमताची पाहणी करतो, प्रचाराचा सल्ला देतो. पण मुख्य काम एकच, पैसा जमवणे आणि जिथे लढत अटीतटीची आहे तिथे तो ओतणे.

हे काम बारा महिने चालते, कारण निवडणुका एकाच वर्षी नसतात. राष्ट्राध्यक्षाची निवडणूक नसलेल्या सम वर्षी ३६ राज्यांत गव्हर्नर निवडले जातात, २०२६ हे तसेच वर्ष. राष्ट्राध्यक्षाच्या निवडणुकीबरोबर ११ राज्यांत मतदान होते. केंटकी, लुइझियाना आणि मिसिसिपी यांचे त्याच्या आदल्या वर्षी, तर न्यू जर्सी आणि व्हर्जिनिया यांचे पुढल्या वर्षी. बेरीज ५२ येते ती चूक नव्हे. न्यू हॅम्पशायर आणि व्हरमाँट येथे मुदत दोनच वर्षांची असल्याने ती दोन्हीकडे मोजली जातात.

एका सहीने काय होते?

आता कोणी म्हणेल, कुठल्या पक्षाचा गव्हर्नर आला म्हणून गरिबाला काय फरक पडतो? दोन राज्यांची हकीकत सांगतो.

पहिले राज्य लुइझियाना. २०१० मध्ये ओबामा सरकारने आरोग्याचा मोठा कायदा केला. गरिबांसाठी असलेली 'मेडिकेड' ही सरकारी योजना वाढवून तुटपुंज्या कमाईच्या प्रौढ माणसांनाही तिच्यात घ्यायचे होते. सुरुवातीला वाढीव खर्च पूर्णपणे केंद्राचा, पुढे ९० टक्के केंद्राचा. परंतु २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितले की ही वाढ राज्यांवर लादता येणार नाही. झाले, चावी राज्यांच्या हाती गेली. लुइझियानाचे गव्हर्नर होते बॉबी जिंदाल, रिपब्लिकन, आईवडील पंजाबातून गेलेले. २०१३ मध्ये ते रिपब्लिकन गव्हर्नरांच्या संघटनेचे अध्यक्षही होते. त्यांनी योजना नाकारली. त्यांच्या जागी डेमोक्रॅटिक पक्षाचे जॉन बेल एडवर्ड्स निवडून आले आणि शपथविधीच्या दुसऱ्याच दिवशी, १२ जानेवारी २०१६ रोजी, त्यांनी योजना लागू करण्याच्या हुकमावर सही केली. पहिल्या वर्षभरातच चार लाखांहून अधिक लोकांची नावे तिच्यात नोंदली गेली. तोच कायदा, तेच केंद्राचे पैसे. खुर्चीवरचा माणूस तेवढा बदलला होता.

दुसरे राज्य केंटकी. तिथे गंभीर गुन्ह्यात शिक्षा झालेल्याचा मताचा हक्क कायमचा जातो आणि तो परत देणे गव्हर्नरच्या हाती असते. नोव्हेंबर २०१५ मध्ये मावळते डेमोक्रॅटिक गव्हर्नर स्टीव्ह बेशियर यांनी, हिंसाचार न केलेल्या आणि शिक्षा पूर्ण केलेल्या लोकांना हा हक्क परत दिला. डिसेंबरमध्ये नवे रिपब्लिकन गव्हर्नर मॅट बेव्हिन आले आणि त्यांनी तो हुकूम थांबवला. चार वर्षे गेली. २०१९ मध्ये स्टीव्ह यांचे चिरंजीव अँडी बेशियर यांनी बेव्हिन यांचा सुमारे पाच हजार मतांनी पराभव केला. त्या लढतीत डीजीएच्या पैशावर चाललेल्या गटाने जाहिरातींचा मारा केला होता. डिसेंबर २०१९ मध्ये नव्या गव्हर्नरांच्या सहीने १ लाख ४० हजारांहून अधिक लोकांना मताचा हक्क परत मिळाला. पाच हजारांच्या फरकाने एवढ्या माणसांचे नागरिकत्व जणू पुन्हा जिवंत झाले.

आणखी एक नोंद आपल्या वाचकांसाठी महत्त्वाची. १९८९ मध्ये व्हर्जिनियात डग्लस वाइल्डर निवडून आले. निवडणुकीने गव्हर्नर झालेले अमेरिकेतील ते पहिले कृष्णवर्णीय, गुलामगिरीत जन्मलेल्या आजोबा-आजीचे नातू. त्यांचे मताधिक्य सात हजारांहूनही कमी होते. पुढे २००६ मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये डेव्हल पॅट्रिक आणि २०२२ मध्ये मेरीलँडमध्ये वेस मूर निवडले गेले. २०२५ अखेरपर्यंत एवढीच तीन नावे. तिघेही डेमोक्रॅटिक पक्षाचे. संघटनेची पाठराखण असूनही दोनशेहून अधिक वर्षांच्या लोकशाहीत तीनच जण, हेही विसरून चालणार नाही.

जमेची बाजू कोणाची?

आमच्यासारखा जमाखर्च लिहिणारा माणूस खर्च पाहून थांबत नाही, तो जमेचे पान उलटतो. डीजीएला पैसा देतात कोण? शिक्षकांच्या आणि सरकारी नोकरांच्या युनियन देतात, ही आनंदाची गोष्ट. कामगारांची वर्गणी कामगारांच्या बाजूने उभी राहते. पण मोठ्या कंपन्याही देतात, औषधांच्या, विम्याच्या, टेलिफोनच्या. आणि त्यातील कित्येक कंपन्या रिपब्लिकन संघटनेलाही देतात! दोन्ही दुकानांत खाते ठेवले की कोणीही जिंको, दार उघडेच. २०१० मध्ये रुपर्ट मरडॉक यांच्या न्यूज कॉर्पोरेशनने रिपब्लिकन गव्हर्नरांच्या संघटनेला दहा लाख डॉलर दिले, तेव्हा डीजीएने मोठा गवगवा केला. तो योग्यच होता. पण स्वतःच्या वहीतही कंपन्यांची नावे आहेत, हे सांगणे तिला सोयीचे नव्हते.

या संघटना आयकर कायद्याच्या ५२७ व्या कलमाखाली चालतात. त्यांना कितीही मोठी देणगी घेता येते. २००२ च्या कायद्याने राष्ट्रीय पक्षांना असा अमर्याद पैसा घेण्यास बंदी झाली, पण गव्हर्नरांच्या संघटना त्यातून सुटल्या. अनेक राज्यांत कंपनीने उमेदवाराला थेट पैसे देणे बेकायदा आहे. मग पैसा वॉशिंग्टनला जातो आणि तिथून स्थानिक वाटेल अशा नावाच्या समितीमार्फत राज्यात उतरतो. मतदाराला टीव्हीवर जाहिरात दिसते, तिच्यामागची तिजोरी दिसत नाही.

मात्र एक गोष्ट मान्य करावी लागेल. देणगीदारांची नावे आणि रकमा या संघटनांना सरकारदरबारी जाहीर कराव्या लागतात. म्हणून तर वर दिलेली माहिती आपल्याला कळू शकते. आपल्या देशात २०१८ पासून निवडणूक रोख्यांची योजना होती, तिच्यात देणाऱ्याचे नाव जनतेपासून लपलेले राही. सुप्रीम कोर्टाने १५ फेब्रुवारी २०२४ रोजी ती घटनाबाह्य ठरवली आणि त्यानंतरच नावे बाहेर आली.

आपण काय घ्यावे?

बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत इशारा दिला होता की राजकारणात एक माणूस एक मत अशी समता येईल, पण सामाजिक आणि आर्थिक जीवनात विषमता राहील. ही विसंगती दूर केली नाही तर लोकशाहीच धोक्यात येईल. मताच्या पेटीआधी पैशाची पेटी उघडते, तेव्हा त्या इशाऱ्याचा अर्थ कळतो.

डीजीएकडून शिकण्यासारखे आहे ते संघटनेचे धोरण. कुठली जागा पाच हजार मतांनी फिरू शकते हे हेरावे, तिथे वेळीच माणसे आणि पैसा पोचवावा, निवडणूक नसलेल्या वर्षीही काम थांबवू नये. आपले कार्यकर्ते उमेदवारी जाहीर झाल्यावर धावपळ करतात, तोवर समोरच्याची यंत्रणा घरोघर पोचलेली असते. मोठी थैली देणारा उद्या काय मागेल, हा प्रश्न मात्र थैली स्वीकारण्याआधी विचारायचा असतो.

आपल्या वस्तीत जयंतीची वर्गणी निघते. एकावन्न रुपये देणारी माउलीसुद्धा पुढच्या बैठकीत विचारते, हिशेब कुठे आहे? आणि समितीला तो कागद फळ्यावर लावावाच लागतो. बंधू-भगिनींनो, मत मागायला दारात येणाऱ्या प्रत्येक पक्षाला हाच प्रश्न विचारण्याची सवय आपण लावून घेतली पाहिजे.